जॉर्ज ॲटवुड आणि त्यांचें चाक

हायस्कुलाच्या वरच्या वर्गांत पदार्थविज्ञान शिकलेल्या बहुतेक विद्यार्थ्यांस ॲटवुडचें यंत्र हें नांव परिचयाचें असतें. माणसाच्या उंचीहून उंच असा एक लांकडी खांब, त्याच्या माथ्यावर एक पितळी कप्पी, कप्पीवरून सोडलेला रेशमी दोरा आणि दोऱ्याच्या दोन टोंकांस टांगलेलीं दोन सारखीं वजनें. पाहावयास एवढेंच तें यंत्र. त्यावरचीं उदाहरणें आम्हीं फळ्यावर कितीदां मांडलीं असतील याची गणती नाहीं. प्रत्येक उदाहरणाच्या आरंभीं पुस्तकांत एक वाक्य ठरलेलें असतें, तें असें कीं, कप्पी वजनरहित व घर्षणरहित आहे असें समजावें. विद्यार्थी तसें समजतात, गणित सोडवितात, उत्तर पडताळतात आणि पुढें जातात. एके वर्षीं मात्र एका विद्यार्थ्यानें आम्हांस विचारलें कीं, कप्पी तर डोळ्यांस दिसते, हातांत घेतली तर जड लागते, मग ती वजनरहित कां समजावयाची? त्या दिवशीं तास संपला म्हणून आम्हीं सुटलों. परंतु उत्तर शोधतांना आम्हांस असें दिसून आलें कीं, ज्या गृहस्थाचें नांव त्या यंत्रास मिळालें आहे त्यानें स्वतः कप्पी कधींच वजनरहित समजली नव्हती. त्या गृहस्थाचें चरित्र आमच्या विद्यार्थ्यांस व त्यांच्या पालकांस सांगावें म्हणून हा लेख.

जॉर्ज ॲटवुड यांचा जन्म १७४५ सालीं लंडन येथें वेस्टमिन्स्टर भागांत झाला. त्यांचे वडील धर्मोपदेशक होते. मुलाचें शिक्षण प्रथम वेस्टमिन्स्टर स्कुलांत झालें व १७६५ सालीं तो केंब्रिज येथील ट्रिनिटी कॉलेजांत दाखल झाला. हें कॉलेज म्हणजे न्यूटनचें कॉलेज. १७६९ च्या गणिताच्या परीक्षेंत ॲटवुड तिसरे रँग्लर आले. रँग्लर हा शब्द महाराष्ट्रांत रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्यामुळें, म्हणजे १८९९ सालीं ते सीनियर रँग्लर झाले तेव्हांपासून, घरोघर ठाऊक झाला. त्याच परीक्षेची ही गोष्ट आहे. पुढल्या वर्षीं ॲटवुड यांस कॉलेजची फेलोशिप मिळाली आणि १७७६ सालीं रॉयल सोसायटीनें त्यांस आपले सभासद करून घेतलें.

केंब्रिजमध्यें ते सृष्टिविज्ञानावर व्याख्यानें देत व तीं प्रयोगांसह देत. तीं ऐकण्यास मोठी गर्दी जमे. परंतु न्यूटनच्या कॉलेजांत न्यूटनचे गतीचे नियम शिकविणाऱ्या या अध्यापकास एक अडचण होती, व ती आजच्याही शिक्षकास चुकलेली नाहीं. नियम फळ्यावर सांगतां येतात, पण डोळ्यांस दाखवितां येत नाहींत. हातांतून सुटलेला दगड पहिल्या एका सेकंदांत सुमारें १९३ इंच, म्हणजे सोळा फुटांहून किंचित् अधिक, खालीं येतो. दोन सेकंदांत त्याच्या चौपट, तीन सेकंदांत नऊपट. एवढ्या वेगानें जाणारी वस्तु कोणत्या क्षणीं कोठें होती हें अठराव्या शतकांतील घड्याळानें कोणीं व कसें टिपावें? गॅलिलिओनें यावर तोड काढली होती ती उतरत्या फळीची. गोळी फळीवरून सोडली म्हणजे ती सावकाश येते. पण त्या तोडींतही एक कोडें राहून गेलें होतें. गोळी फळीवरून नुसती सरकत नाहीं, ती गडगडते. पुढें जाणें व स्वतःभोंवतीं फिरणें हीं दोन कामें तिला एकाच वेळीं करावीं लागतात. फिरण्याच्या कामांत किती शक्ति गुंतते याचा हिशेब गॅलिलिओच्या काळीं कोणालाच करतां येत नव्हता.

ॲटवुड यांची युक्ति तराजूची होती. कप्पीच्या दोन्ही अंगांस सारखीं वजनें टांगलीं म्हणजे तीं एकमेकांस तोलून धरतात व यंत्र स्तब्ध राहतें. आतां एका बाजूस अगदीं लहानसें जादा वजन ठेवावें. ओढणारें तेवढेंच, परंतु हलवावयाचीं मात्र सगळीं. एका लहान मुलानें मोठी गाडी ढकलावी तसें तें हळू हळू चालूं लागतें, आणि वेग किती वाढला तें शांतपणें मोजतां येतें. खांबावर इंचांची पट्टी होती व शेजारीं सेकंदाचे ठोके देणारें लंबकाचें घड्याळ. आणखी एक खुबी होती. जादा वजन आडव्या दांडीच्या आकाराचें करून, वाटेंत एक कडें बसविलेलें असे. वजन कड्यांतून पार होई, दांडी मात्र कड्यावर अडकून राहे. त्या क्षणापासून ओढणारें कोणी उरत नसे, तरी वजनें थांबत नसत, तर मिळालेल्या वेगानेंच पुढें जात राहत. न्यूटनचा पहिला नियम याहून सोप्या रीतीनें दाखविलेला आम्हीं पाहिला नाहीं.

पण या सर्वांत कप्पीचें काय? दोरा घसरत नाहीं, तेव्हां दोऱ्याबरोबर चाकही फिरलेंच पाहिजे. तें फिरविण्यास जोर लागतो. ज्यानें विहिरीवर रहाट ओढला आहे त्यास हें सांगावयास नको. रिकामा दोर असला तरी जड रहाटाला पहिला वळसा देतांना हाताला ओढ बसते, आणि एकदां फिरूं लागला कीं तो थांबवितांनाही बसते. कुंभार आपलें चाक काठीनें फिरवून काठी बाजूस ठेवतो, तरी चाक बराच वेळ फिरत राहतें, कारण चाकाचें जडत्व त्याच्या जड कडेंत सांठलेलें असतें.

येथें एक गोष्ट ध्यानांत घेतली पाहिजे. सरळ रेषेंत जाणाऱ्या वस्तूचें जडत्व तिच्यांत द्रव्य किती आहे एवढ्यावरच ठरतें. फिरणाऱ्या वस्तूचें मात्र तेवढ्यावर ठरत नाहीं. तें द्रव्य आंसापासून किती दूर आहे हेंही पाहावें लागतें. बैलगाडीच्या चाकांत तुंब्याजवळचें लांकूड सावकाश फिरतें, तर लोखंडी धांव त्याच वेळांत कितीतरी मोठा फेरा घेते. एक शेर लोखंड आंसापासून दुप्पट अंतरावर नेलें तर त्याचें फिरण्याचें जडत्व दुप्पट नव्हे, चौपट होतें. तिप्पट अंतरावर नेलें तर नऊपट. प्रत्येक कणाचें द्रव्य त्याच्या अंतराच्या वर्गानें गुणावें व सर्व गुणाकारांची बेरीज करावी. या बेरजेलाच इंग्रजी पुस्तकांत मोमेंट ऑफ इनर्शिया म्हणतात. ही बेरीज हॉलंडांतील हायगेन्स यांनीं लंबकाच्या घड्याळावरील आपल्या १६७३ च्या ग्रंथांत वापरली होती. तिला नांव मिळालें तें ऑयलर या थोर गणितज्ञाच्या १७६५ च्या ग्रंथांत. म्हणजे ॲटवुड केंब्रिजला गेले त्याच वर्षीं.

कप्पीच्या बाबतींत या बेरजेस फार सोपें रूप देतां येतें. चाकाचें सर्व द्रव्य कडेलाच असेल तर तें दोऱ्याच्या वेगानेंच फिरतें, म्हणून जणूं तेवढेंच वजन दोऱ्याला जास्त बांधलें आहे असें समजावें. चाक सारख्या जाडीच्या भरीव तबकडीसारखें असेल तर त्याच्या निम्में वजन धरावें. विशेष हें कीं, तबकडी लहान असो वा मोठी, हिशेब निम्म्याचाच राहतो.

परंतु ॲटवुड यांच्या यंत्रांत एकच चाक नव्हतें. घर्षण कमी व्हावें म्हणून मुख्य चाकाचा आंस त्यांनीं खोबणींत न बसवितां आणखी चार चाकांच्या कडांवर टेकविला होता. मुख्य चाक फिरूं लागलें म्हणजे तीं चारही हळू हळू फिरत. आरे, तुंबे, आंस या सगळ्यांची आकृतीवरून बेरीज करणें कठीण. तेव्हां त्यांनीं तें काम यंत्राकडूनच करून घेतलें. दोन्ही वजनें काढून टाकलीं, चाकाभोंवतीं रेशमी धागा गुंडाळला आणि त्याच्या टोंकास फक्त ३० ग्रेन वजन बांधलें. तोळ्याचे १८० ग्रेन होतात, म्हणजे हें वजन अवघे दोन मासे. तें सोडतांच चाकें फिरूं लागलीं व तीन सेकंदांत वजन साडेअडतीस इंच खालीं आलें.

आतां हिशेब विद्यार्थ्यांनीं स्वतः करून पाहावा. तेंच वजन मोकळें सोडलें असतें तर तीन सेकंदांत १९३ च्या नऊपट, म्हणजे १७३७ इंच पडलें असतें. तें पडलें साडेअडतीस. भागाकार करतां सुमारें ४५ येतात, अचूक धरल्यास ४५.१. याचा अर्थ असा कीं, ३० ग्रेनांच्या ओढीस ३० ग्रेनांच्या ४५.१ पट, म्हणजे सुमारें १३५३ ग्रेन हलवावे लागले. त्यांतून वजनाचे स्वतःचे ३० वजा केले कीं राहिले १३२३. हें चाकांचें तराजूंतलें वजन नव्हे. दोऱ्याला जाणवणारें चाकांचें जडत्व आहे. तोळ्यांच्या भाषेंत सव्वासात तोळ्यांहून थोडें अधिक, आणि ॲटवुड यांच्या औंसांत पावणेतीन औंस.

पुढें त्यांनीं पाव औंस हें एक माप धरलें. चाकांचीं झालीं ११ मापें. दोन्ही बाजूंचीं वजनें प्रत्येकीं २६ मापांचीं केलीं व ओढणारें जादा वजन एका मापाचें. सगळी बेरीज बरोबर ६४. म्हणून यंत्राची गति मोकळ्या पडण्याच्या चौसष्टाव्या हिश्शाची. पहिल्या सेकंदांत ३ इंच, दोन सेकंदांत १२, तीन सेकंदांत २७, चार सेकंदांत ४८. पट्टीवर बोट ठेवून मुलासही वाचतां यावेत असे पूर्ण आंकडे. आणि चाकें वजनरहित समजलीं असतीं तर? बेरीज ५३ झाली असती, आणि चार सेकंदांनंतर वजन ४८ इंचांवर असतांना कागदावरचें उत्तर ५८ इंच आलें असतें. दहा इंचांची चूक! जें चाक आम्हीं एका वाक्यांत फुंकून टाकतों, तें सर्व हालचालीच्या सहाव्या भागाहून अधिक होतें.

ज्या विद्यार्थ्यानें प्रश्न विचारला होता त्यास आम्हीं हा प्रयोग शाळेच्या कप्पीवर करावयास दिला. आमची कप्पी एकाच चाकाची, चार साहाय्यक चाकें तिला नाहींत, व आंसांत धूळ. तीन वेळां त्याचे तीन निराळे आंकडे आले. तेव्हां ॲटवुड यांनीं ती चार चाकें कशास बसविलीं होतीं हें आम्हां दोघांसही एकदमच कळलें.

या यंत्राची कीर्ति त्यांच्या स्वतःच्या ग्रंथाआधींच बाहेर पडली. लंडनमध्यें राहणारे मागेलान नांवाचे एक पोर्तुगीज विद्वान् होते. त्यांनीं १७८० सालीं यंत्राचें वर्णन फ्रेंच भाषेंत एका पत्राच्या रूपानें प्रसिद्ध केलें. तें पत्र इटलींतील व्होल्टा यांस उद्देशून लिहिलेलें होतें. ॲटवुड यांचा सरळ व चक्राकार गतीवरील मोठा ग्रंथ १७८४ सालीं निघाला. त्यांत एका वादाचाही निकाल आहे. एडिस्टनच्या खडकावर दीपगृह बांधणारे प्रसिद्ध इंजिनिअर स्मीटन यांनीं एका उभ्या आंसास आडवे हात लावून, त्यांवर शिशाचीं वजनें कधीं जवळ तर कधीं दूर बसवून तीं फिरवून पाहिलीं होतीं व आपले निष्कर्ष १७७६ सालीं रॉयल सोसायटीपुढें मांडले होते. न्यूटनच्या नियमांशीं ते जुळत नाहींत असें कित्येकांस वाटूं लागलें. ॲटवुड यांनीं दाखविलें कीं, जोर किती वेळ लागला हें मोजणें निराळें व जोर किती अंतरभर लागला हें मोजणें निराळें. दोन निराळ्या मापांचीं उत्तरें निराळीं येणारच, त्यांत नियमाचा दोष नाहीं. वरच्या वर्गांतील मुलें आजही या दोन मापांची गल्लत करतात.

१७८४ हें साल त्यांच्या आयुष्याचें वळण ठरलें. त्यांच्या व्याख्यानांस जे तरुण बसत असत त्यांत विल्यम पिट नांवाचा एक विद्यार्थी होता. तोच १७८३ च्या डिसेंबरांत, वयाच्या चोविसाव्या वर्षीं, इंग्लंडचा मुख्य प्रधान झाला. त्यास आपल्या गुरूची आठवण राहिली. जकात खात्यांतील एक जागा त्यानें ॲटवुड यांस दिली. वेतन सालीना ५०० पौंड, आणि जागेचें प्रत्यक्ष काम नांवालाच. त्याच्या बदल्यांत सरकारी जमाखर्चाचीं व करांचीं किचकट गणितें करून द्यावयाचीं. ॲटवुड यांनीं केंब्रिज सोडलें.

आमच्या पालकवर्गास चरित्राचा हा भाग कदाचित् सर्वांत अधिक पटेल. आम्हांस मात्र तो वाचतांना थोडें वाईट वाटलें, हें लपवीत नाहीं. एकोणचाळीस वर्षांचा, वाणीनें व हातानें सारखाच कुशल असा शिक्षक. त्याचें सर्वांत मोठें पुस्तक बाहेर पडलें त्याच वर्षीं त्याचा वर्ग सुटला. त्याचें यंत्र पुढें देशोदेशींच्या शाळांत गेलें, पण तो स्वतः खजिन्याच्या आंकड्यांत गेला. उलट पक्षीं असेंही म्हणतां येईल कीं, त्या वेतनामुळेंच त्यांस पुढचें संशोधन करण्यास स्वस्थता लाभली. दोन्ही गोष्टी खऱ्या असाव्यात. सरकारी कामाशीं निगडित असें एक लहान पुस्तक त्यांनीं १८०१ सालीं लिहिलें. त्यांत पावाच्या किंमतीवर नियंत्रण घालणाऱ्या जुन्या कायद्यांचा परामर्श घेतलेला आहे. धान्य महागलें कीं गरिबाची भाकरी किती लहान होते, हाही शेवटीं गणिताचाच प्रश्न.

त्यांचें उत्तरकाळांतील खरें मोठें काम जहाजांवरचें. जहाज थोडेंसें कललें तर तें पुन्हां सरळ होईल कीं उलटेल, याचें गणित फ्रान्समध्यें बूगेर व नंतर ऑयलर यांनीं केलें होतें. पण तें अगदीं थोड्या कलण्यापुरतें. वादळांत जहाज थोडें कलत नाहीं. मोठ्या कोनांत कललेल्या जहाजाचा कोणता भाग पाण्यांतून वर आला, कोणता नव्यानें बुडाला, आणि त्यामुळें त्यास सरळ करणारा जोर किती राहिला, हें ॲटवुड यांनीं मोजावयास शिकविलें. या कामाबद्दल रॉयल सोसायटीनें १७९६ सालीं त्यांस कोप्ली पदक दिलें. १७९८ च्या दुसऱ्या निबंधांत त्यांनीं उदाहरणास घेतलेलें जहाज आपल्या इकडच्या वाचकांस कुतूहलाचें वाटेल. तें कफनेल्स नांवाचें, ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरींतलें जहाज होतें.

यानंतर ते पुलांच्या कमानींकडे वळले. लंडन येथें टेम्स नदीवर एकाच कमानीचा, ६०० फूट लांबीचा लोखंडी पूल बांधावा अशी सूचना टेलफर्ड या इंजिनिअरानें केली होती, व पार्लमेंटच्या समितीनें ज्या जाणत्यांचें मत घेतलें त्यांत ॲटवुडही होते. तो पूल झाला नाहीं. कमानींवरील त्यांचा निबंध १८०१ मध्यें व त्याची पुरवणी १८०४ मध्यें प्रसिद्ध झाली. जाणत्यांच्या मतें या निबंधाची योग्यता जहाजांवरील निबंधांएवढी नाहीं, आणि आम्हांसही तसेंच वाटतें.

या गंभीर गणितज्ञास एक छंद होता, तो बुद्धिबळांचा. त्या काळचा सर्वश्रेष्ठ खेळाडू फिलिडोर हा फ्रेंच संगीतकार दरवर्षीं लंडनला येई व डोळ्यांवर पट्टी बांधून एकाच वेळीं अनेकांशीं खेळे. ॲटवुड त्याच्याशीं खेळत व बहुधा हरत. पण खेळ संपला म्हणजे दोन्ही बाजूंच्या चाली कागदावर टिपून ठेवीत. डाव लिहून ठेवण्याची चाल तेव्हां रूढ नव्हती. कोठें काय हललें, किती हललें, हें नोंदविल्याशिवाय या माणसास चैन पडत नसावें. फिलिडोर १७९५ सालीं मरण पावला; त्याच वर्षीं ॲटवुडशीं खेळलेला त्याचा डावही त्या कागदांत आहे.

ॲटवुड १८०७ च्या जुलै महिन्यांत वेस्टमिन्स्टर येथेंच वारले व तेथील सेंट मार्गरेट चर्चांत त्यांस पुरण्यांत आलें. वय एकसष्ट वर्षांचें होतें. चंद्रावरील एका विवरास पुढें त्यांचें नांव देण्यांत आलें. बुद्धिबळांचे कागद मात्र कांहीं काळ तसेच पडून होते. जॉर्ज वॉकर नांवाच्या लेखकानें ते मिळविले व १८३५ सालीं छापून प्रसिद्ध केले. फिलिडोरचे जे डाव आज जगास ठाऊक आहेत त्यांतील पुष्कळसे त्या कागदांवरूनच आलेले आहेत.